आसराईच्या पळीची चोरी

"एम्प्लॉयी आहेत का या?" गेटवरच्या सिक्युरिटीवाल्याने विचारलं.

प्रभावतीच्या मनगटाला गुंडाळलेल्या टॉवेलातून रक्त ठिबकत होतं. तिचा तुटलेला पंजा इंद्रायणीने ओल्या फडक्यात घालून छातीशी धरला होता. आणि हा माणूस रजिस्टर उघडून उभा होता.

"अरे, माझी जाऊ आहे ती," इंद्रायणी ओरडली. "कडबाकुट्टीच्या मशीनमध्ये हात गेलाय. आत आसराईच्या देवळापर्यंत जाऊ दे फक्त. पळीभर पाणी घालायचंय."

"पळी कर्मचाऱ्यांसाठी आहे, मॅडम. बाहेरच्यांना एचआरची परवानगी लागते."

"बाहेरचे? देवी आमची, देऊळ आमचं, पळी आमच्या सासऱ्याच्या हातातली, आणि बाहेरचे आम्ही?"

त्याने फोन लावला. एचआरचे साहेब जेवायला गेले होते.

चाकणच्या अलीकडच्या करंजवाडीत आसराईची पळी सगळ्यांना माहीत होती. तांब्याची, हातभर दांड्याची, वाटी जरा एका बाजूला चेपलेली. त्या पळीने पाणी घातलं की तुटलेलं जुळायचं. पाणी कुठलंही चालायचं, विहिरीचं, नळाचं, पण पळी तीच लागायची, आणि रक्त गार व्हायच्या आत घालावं लागायचं. विळ्याने कापलेली बोटं, बैलाने फोडलेली मांडी, रहाटात सापडलेला अंगठा, सगळं त्या पळीने जोडलं होतं. पळीचा मान इंद्रायणीचा सासरा कोंडाजी याच्या घराण्याकडे होता. मान म्हणजे काय, तर दाराला कधी कडी लावायची नाही. कोण आला, कुठल्या गावचा, कुठल्या जातीचा, हे विचारायचं नाही. पाणी घालायचं आणि गूळ देऊन पाठवायचं.

मग करंजवाडीचं शिवार एमआयडीसीत गेलं आणि आसराईचं देऊळ नेमकं शुभवर्त प्रेसिंग्जच्या प्लॉटमध्ये आलं. मालक निरंजनशेठ तेव्हा स्वतः कोंडाजीच्या घरी आले होते. म्हाताऱ्याच्या पायाला हात लावून म्हणाले होते, "आबा, देऊळ जागचं हलणार नाही. गावाला कधी कुणी अडवणार नाही." कोंडाजीने विश्वास ठेवला. पुढे देवळाला संगमरवर बसला, पळीला काचेची पेटी आली, पेटीला कुलूप आलं, आणि कुलूप आलं तसं गाव कुंपणाच्या बाहेर राहिलं. आता करंजवाडीला वर्षातून एकदाच दर्शन, खंडेनवमीला, तेही आधार कार्ड दाखवून.

एचआरचे साहेब जेवून आले, परवानगी निघाली, कोणीतरी पळी घेऊन गेटवर आलं. तोवर फडक्यातला पंजा निळा पडला होता. पाणी घातलं. ते नुसतंच ओघळून डांबरावर सांडलं.

प्रभावती रडली नाही. ती त्या ओल्या डांबराकडे बघत राहिली. इंद्रायणीला मात्र काय करू आणि काय नको असं झालं. तिने सिक्युरिटीवाल्याचं रजिस्टर हिसकावून रस्त्यावर फेकलं. त्याने काय होणार होतं?

प्रभावती दवाखान्यातून घरी आली तेव्हा मुकुंद भेटायला आला. चिंचवडचा माणूस, सोसायटीत राहणारा, शुभवर्तमध्ये सेफ्टी ऑफिसर. इंद्रायणीने त्याला आधी उंबऱ्याच्या आतच घेतलं नाही.

"कंपनीकडून आलाय का? काही बोलायचं नाही मला."

"कंपनीला कळलं तर नोकरी जाईल माझी," मुकुंद म्हणाला. "ताई, मला तुमच्याइतकाच संताप आलाय. बसू का?"

तो बसला आणि बोलत सुटला. प्रेस मशीनवर पत्रा ठेवताना हात डायमध्ये, म्हणजे साच्यात जातो. हात आत असताना मशीन आपोआप थांबावं म्हणून प्रकाशाचा पडदा असतो, सेन्सर. हात आडवा आला की प्रेस उतरतच नाही. चांगल्या कारखान्यांत तो असतोच. शुभवर्तमध्ये एकाही मशीनला नव्हता.

"मी किती वेळा मागितला असेल. निरंजनशेठ दर वेळी हसून म्हणतात, मुकुंदराव, आपल्याकडे आसराई आहे ना! बोट तुटलं की पळीने पाणी घालतात, चहा पाजतात, आणि पोराला परत त्याच मशीनवर उभं करतात. बोट जागेवर आहे, मग रजा कसली आणि भरपाई कसली? गेटवर बोर्ड पाहिलात ना, अपघातमुक्त दिवसांचा? तो आकडा वाढतच जातोय. जुळलेलं बोट अपघातात धरत नाहीत."

"जुळलेलं दुखत नाही व्हय?" इंद्रायणीने विचारलं.

"तेच तर. एकदा जुळलेलं बरं होतं. तेच बोट दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा तुटलं की जुळतं, पण आतलं दुखणं जात नाही. पोरं जेवताना घास धरू शकत नाहीत."

ओसरीवर कोंडाजी ऐकत होता. ऐंशीच्या पुढचा म्हातारा, आवाज अजून खणखणीत. "आमच्या बापजाद्यांनी पळी ठिवली ती चुकून तुटलं त्याच्यासाठी," तो म्हणाला. "रोज तोडायचं आन् रोज जोडायचं, असल्या धंद्यासाठी न्हाई."

"आबा, मी पळी परत आणते," इंद्रायणी म्हणाली.

"मागून आन."

"मागितली की! ग्रामसभेचा ठराव दिला, तहसीलला अर्ज दिला, त्या शेठच्या केबिनबाहेर दिवसभर बसले. आता मागणार नाही. आपल्या घरातली वस्तू आणायला चोरासारखं जावं लागतंय, लाज त्याला वाटली पाहिजे, मला नाही."

कोंडाजीने नाही म्हटलं नाही. मुकुंदने खिशातून किल्ली काढून दाखवली. काचेच्या पेटीची एक किल्ली सेफ्टी विभागाकडे असायची.

खंडेनवमीला शुभवर्तची सगळी मशीनं बंद ठेवून पूजा होत असे. कामगार बायकापोरांना घेऊन येत, गावाला दर्शन असे, दुपारी मसालेभात आणि बुंदी. कारखान्याला लागणारा झेंडू इंद्रायणीच्याच मळ्यातून जायचा. छोटा हत्ती टेम्पो ती स्वतः चालवायची. त्या दिवशी सकाळी तिने भरलेले क्रेट आत नेऊन उतरवले, पदर खोचून तोरणं बांधू लागली. बायका तोरणं बांधत असल्या की कोणी हटकत नाही. देवळासमोरच्या कॅमेऱ्यावर तिने इतका गच्च हार टाकला की त्याला झेंडूशिवाय काही दिसलं नसतं.

तिच्या पिशवीत दुसरी पळी होती. मुकुंदने भांड्यांच्या बाजारातून आणलेली, चुलीच्या धुरावर काळवंडून घेतलेली. वाटी कोंडाजीने स्वतः बत्त्याने चेपली होती. ठोकताना म्हाताऱ्याचे डोळे भरून आले होते, पण नेम चुकला नव्हता. पेटीत जागा रिकामी दिसली तर गेटच लागलं असतं. खोटी पळी दिसत राहिली तर निदान दसरा उलटेपर्यंत कोणाच्या लक्षात येणार नव्हतं. मशीनं दिवसभर बंदच, तेव्हा कोणाला इजा व्हायचा प्रश्न नाही, असा हिशोब. दुसऱ्या दिवशी दसरा, सुट्टी. त्यानंतर कामगार कामावर यायच्या आत मुकुंद उघड सांगणार होता की पळी गावाला परत गेली आहे, आता सेन्सर लावल्याशिवाय एकही प्रेस चालवता येणार नाही.

आरतीसाठी सगळे शॉप फ्लोअरवर जमले तेव्हा देवळाबाहेरचा गार्डही बुंदीच्या वासाने तिकडे सरकला. मुकुंदने कुलूप काढलं. इंद्रायणीने पळी उचलली.

लग्न होऊन आली तेव्हा सासूने ही पळी तिच्या हातात दिली होती. त्यानंतर आत्ता. दांडा कोमट लागला, कोणाच्या तरी हातातून नुकताच सुटल्यासारखा. तिने आसराईच्या तांदळ्याकडे, शेंदूर माखलेल्या त्या दगडाकडे पाहिलं आणि पुटपुटली, "चल बये, घरी." खोटी पळी पेटीत ठेवली, खरी उरलेल्या फुलांच्या क्रेटमध्ये तळाशी घातली आणि क्रेट कमरेवर घेऊन निघाली. मागे मुकुंद कुलूप लावत होता.

गाडीत क्रेट ठेवून ती गेटपर्यंत आली. सिक्युरिटीवाला तोच होता. त्याने क्रेटमध्ये वरवर हात घातला, फुलं चाळवली, तिच्याकडे पाहिलं आणि नजर चुकवली. बॅरिअर वर जाऊ लागला.

आत त्याच वेळी निरंजनशेठना मुहूर्ताची हौस आली होती. पूजा झालेल्या मोठ्या प्रेसवर वर्षाचा पहिला स्ट्रोक, म्हणजे एक ठोका, मारायचा आणि त्याचा व्हिडिओ करायचा. हे कार्यक्रमात नव्हतं. मुकुंद धावत गेला, "सर, आज मशीन चालू करू नका," म्हणाला. शेठ म्हणाले, "एकच स्ट्रोक हो, शकुनाचा," आणि त्यांनी सार्थकला पुढे बोलावलं. सार्थक परभणीकडचा, तरणा, त्या मशीनवरचा सगळ्यात सफाईदार ऑपरेटर. नवीन शर्ट घालून आला होता. त्याची बायको मैत्री मोबाइल धरून समोर उभी होती.

मशीनच्या कपाळावर बांधलेला झेंडूचा हार सैल होऊन डायमध्ये पडला. सार्थकने तो काढायला हात घातला. पाय रोजच्या सवयीने पेडलवर होता.

इंद्रायणीला गेटपाशी आधी तो आवाज ऐकू आला. मग ताशा थांबला. मग एका बाईची किंकाळी.

"जाऊ द्या, मॅडम," सिक्युरिटीवाला म्हणाला. "आत काही झालं तर पळी आहे त्यांच्याकडे."

तिचा हात गिअरवर होता. समोर रस्ता मोकळा होता, करंजवाडीचा फाटा दिसत होता. मागून कोणीतरी ओरडत होतं, "पाणी घाला! अजून घाला!" आणि मग दुसरा आवाज, घाबरलेला, "पळी चालंना! देवी कोपली!"

तिने इंजिन तसंच चालू सोडलं. क्रेट उलटा केला, फुलं रस्त्यावर पडली, आणि पळी घेऊन ती पळत सुटली.

प्रेसभोवती माणसांची भिंत होती. मधे सार्थक जमिनीवर, तोंड पांढरं फटक. त्याची तीन बोटं मैत्रीने ओढणीत धरली होती. निरंजनशेठ स्वतः गुडघे टेकून खोट्या पळीने पाणी घालत होते आणि पाणी नुसतंच लाल होऊन वाहत होतं. मुकुंद शेजारी उभा होता. त्याने इंद्रायणीला येताना पाहिलं आणि डोळे मिटले.

"सरका," ती म्हणाली. शेठना तिने खांद्याने ढकललं. कोणाची तरी पाण्याची बाटली घेतली, पळी भरली. "पोरी, बोटं जागच्या जागी धर. थरथरू नको. बघ माझ्याकडे." पाणी घातलं. पहिल्या पळीला रक्त थांबलं. दुसरीला कातडी सरकून कातडीला भिडली. तिसरीला सार्थकने श्वास घेतला आणि मोठ्याने हंबरला. त्यातलं एक बोट आधी दोनदा तुटलेलं होतं.

सगळ्यांची नजर दोन्ही पळ्यांवर होती.

निरंजनशेठ उठले, पँट झटकली. "म्हणजे तुम्ही आमच्या देवीची पळी चोरत होता," ते म्हणाले. आवाज अजिबात चढलेला नव्हता. "हा पोरगा मेला असता तर?"

"तुमची देवी?" इंद्रायणीने पळी त्यांच्यासमोर धरली. "माझ्या जावेचा हात गेटवर गार होईपर्यंत तुमचे साहेब जेवत होते, तेव्हा कुणाची देवी होती? आज याची बोटं कोणी तोडली? मी? त्या मशीनला पडदा का नाही, सांगा की सगळ्यांसमोर!"

ती कामगारांकडे वळली. वाटलं होतं, आता तरी कोणी बोलेल. निदान एक जण तरी. माणसं खाली बघत होती. आणि बोलली ती मैत्री.

"तुम्ही गेटातून गेला असता तर?" रक्ताळलेली ओढणी तिच्या हातात तशीच होती. "सांगा ना. तुम्हाला तुमचं गाव, तुमची जाऊ. यांना पडदा कवा मिळंल तवा मिळंल. तवर आम्ही काय करायचं? हीच एक पळी होती आमच्याकडं, ती पण तुम्ही घेऊन चालला होता."

इंद्रायणीला त्या पोरीचा रागही आला आणि ती खरं बोलते आहे हेही कळलं. तो राग कुठे ठेवावा हे कळेना. गार्डने तिच्या हातातून पळी काढून घेतली तेव्हा बोटं सैल सोडायला तिला वेळ लागला.

तिला आणि पेटीची किल्ली बाळगणाऱ्या मुकुंदला केबिनमध्ये नेऊन बसवलं. शेठनी माफीनामा टाइप करून आणला. "सही करा आणि जा. गावाचं दर्शन मात्र आजपासून बंद."

"पोलिसांना बोलवा," इंद्रायणी म्हणाली. "मी सही करत नाही."

"ताई, समजून घ्या—" शेठ म्हणाले.

"बोलवा म्हणते ना! चोर आहे ना मी?"

मुकुंद खुर्ची सरकवून उठला. तो म्हणाला, "ते बोलावणार नाहीत, ताई. तक्रार दिली तर पहिला प्रश्न येईल, पळी परत का आणावी लागली. मग विचारतील, सुट्टीच्या पूजेत पोराचा हात कशात गेला." त्याने गळ्यातलं ओळखपत्र काढून टेबलावर ठेवलं. "माझा हिशोब घरी पाठवून द्या, सर. मशीन चालू करू नका म्हणालो होतो, ते दीडशे माणसांनी ऐकलंय."

शेठचा चेहरा पहिल्यांदाच लाल झाला. "निघा दोघंही," एवढंच ते म्हणाले.

घरी कोंडाजी दारातच उभा होता. रिकामे हात पाहून त्याला समजलं. तिने सगळं सांगितलं. तो म्हणाला, "पोराची बोटं बसली का?"

"बसली."

"मग आसराईचं काम झालं, पोरी."

"आसराईचं झालं, आबा," ती चिडून म्हणाली. "आपलं न्हाई झालं. जाऊबाईंचा हात न्हाई आला. त्या पोराला परवा परत तिथंच उभं करतील. उगं मन राखू नका माझं."

प्रभावती आतून बाहेर आली. डाव्या हाताने तिने पाण्याचा तांब्या पुढे केला. "गेटातून परत फिरली नसतीस तर मी तुझं तोंड बघितलं नसतं," ती म्हणाली. "आता जेवून घे. आन् मग त्या मुकुंदला फोन लाव. एवढ्यावर सोडायचं न्हाई."

मुकुंदने कारखाना निरीक्षकांकडे तक्रार दिली. साक्षीला कामगार हवा होता. इंद्रायणी सार्थकच्या खोलीवर गेली, थेरगावात, डांगे चौकाच्या मागच्या गल्लीत. मैत्रीने दार उघडलं, तिला पाहून परत लोटायला लागली. मग थांबली. आत सार्थक जेवायला बसला होता आणि मैत्री परत जाऊन त्याला घास भरवू लागली. त्याची बोटं जागच्या जागी होती, धडधाकट दिसत होती, आणि त्याला भाकरीचा तुकडा मोडता येत नव्हता.

"हे तिसऱ्यांदा आहे, मावशी," तो म्हणाला. "चौथ्यांदा नको."

"मग चल माझ्याबरोबर."

तो बायकोकडे बघायला लागला. मैत्रीने हातातला घास ताटात ठेवला. "मी पण येते," ती म्हणाली. "पण पळीचं नाव काढायचं नाही तिथं. पळी कुणाची, ते तुम्ही आन् शेठ बघा. आम्ही मशीनचं बोलणार."

"मशीनचंच बोल," इंद्रायणी म्हणाली.

सरकारी कचेरीत साहेबांनी सार्थकचा हात उलटसुलट करून पाहिला. "जखम कुठंय?" त्यांनी विचारलं. इंद्रायणी खुर्चीतून उठलीच होती, मुकुंदने तिचं मनगट दाबलं. मैत्रीने मोबाइल पुढे केला. मुहूर्ताचा व्हिडिओ तिच्याकडे होता. हार पडतो, हात जातो, प्रेस उतरते. पुढचं दिसत नव्हतं, मोबाइल खाली पडला होता, पण ऐकू येत होतं. साहेबांनी तो दोनदा पाहिला आणि दुसऱ्यांदा आवाज बंद केला.

तपासणी झाली. मोठ्या प्रेसच्या ओळीला पडदे बसले, लहान मशीनं तशीच राहिली, त्यांचं प्रकरण अजून चालू आहे. सार्थकला पॅकिंगला टाकलं आणि पगार कमी केला, म्हणून मैत्री आता त्यासाठी भांडते आहे. मुकुंद दुसऱ्या कंपनीत लागला. पळी मात्र अजून आतच आहे, दोन कुलपांत.

इंद्रायणी दर मंगळवारी शुभवर्तच्या गेटवर जाते. प्रभावती बरोबर असते, कधी गावातल्या आणखी बायका. सिक्युरिटीवाला ठरलेलं सांगतो, वरून ऑर्डर आहे. ती म्हणते, "वरच्याला खाली पाठव." मग तिथेच रस्त्याच्या कडेला बसून, शिफ्ट सुटायच्या वेळी बाहेर पडणाऱ्या प्रत्येक माणसाला ती मोठ्याने विचारते, "आज कुणाचं काही तुटलं का रे?"

पहिल्यांदा कोणी उत्तर देत नसे. आता देतात.